नितळ पाण्यातलं शिसं



आपल्याकडं पाण्याचा विषय निघाला की पहिला प्रश्न ठरलेला असतो, पाणी आलं का? किती दिवसांनी आलं, किती हंडे भरले, टँकर कधी येणार. बीड जिल्ह्यात नांदणाऱ्या बाईला दुसरा प्रश्न सुचणार तरी कसा! २०१६ च्या एप्रिलमध्ये शेजारच्या लातूरला मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं. आलं हेच खूप होतं. पण आज मला दुसरा प्रश्न घ्यायचाय. पाण्याबरोबर आणखी काय येतं?

गढूळपणा डोळ्याला दिसतो. गटाराचं पाणी मिसळलं तर वास मारतो. मचूळ पाणी जिभेला कळतं, डाळ शिजेना झाली की चुलीला कळतं. आज ज्याबद्दल बोलायचंय ते यातल्या कशालाच कळत नाही. ते म्हणजे शिसं. पाण्यात विरघळलेल्या शिशाला रंग नाही, वास नाही, चव नाही. हंडा निवळशंख दिसतो.

शिसं आपल्याला अनोळखी नाही. गाडीच्या बॅटरीत शिशाच्या पट्ट्या असतात. मासे धरायच्या जाळ्याला शिशाच्या गोळ्या असतात. मारुतीला आणि म्हसोबाला आपण जो शेंदूर लावतो, तो अस्सल शेंदूर म्हणजे शिशाचंच लाल भस्म. (शिसपेन्सिलीत मात्र नावापुरतंच शिसं असतं. ते काळं असतं ते ग्राफाइट. लेकरानं पेन्सिल चावली म्हणून घाबरू नका.) पूर्वी पाण्याचे नळही शिशाचे करत. हा धातू मऊ असतो, सहज वाकतो, गंजून फुटत नाही. युरोप-अमेरिकेतल्या जुन्या शहरांत रस्त्याखालच्या मोठ्या लाइनीपासून घरापर्यंत येणारा तुकडा कितीतरी ठिकाणी शिशाचा असायचा. त्यातल्याच एका शहराची गोष्ट आज सांगते. शहर लांबचं आहे, पण त्यात जे घडलं ते ऐकताना तुम्हाला ओळखीचं वाटेल.

अमेरिकेतल्या मिशिगन राज्यात फ्लिंट नावाचं शहर आहे. २०१४ च्या सुमारास वस्ती होती साधारण एक लाख, म्हणजे आपल्याकडच्या तालुक्याच्या मोठ्या गावाएवढी. निम्म्याहून अधिक लोक कृष्णवर्णीय. मोटारींच्या कारखान्यांवर उभं राहिलेलं हे गाव कारखाने बंद पडत गेले तसं गरीब झालं. नगरपालिका कर्जात बुडाली, तेव्हा राज्य सरकारनं तिथं प्रशासक बसवला. आपल्याकडं निवडणुका रखडल्या की प्रशासक बसतो ना, तसाच. फरक इतकाच की तिथं निवडून आलेले नगरसेवक होते, पण सही चालायची ती प्रशासकाची.

फ्लिंटला पाणी यायचं शेजारच्या डेट्रॉइट शहराकडून, एका मोठ्या सरोवराचं. ते महाग पडतं म्हणून २५ एप्रिल २०१४ ला नळ बदलला आणि गावातल्याच फ्लिंट नदीचं पाणी सुरू केलं. पैसे वाचणार होते. आता इथं नेमकं काय चुकलं ते नीट समजून घेऊ, कारण सगळी गोम तिथं आहे.

तुमच्या आजीच्या घरी पितळेची भांडी असतील. पितळी पातेल्याला कल्हई नसेल तर त्यात ताक ठेवता येत नाही, ते कळकतं. आंबटपणा धातू खातो आणि तो धातू ताकात उतरतो. कल्हई केली की ताक आणि पितळ यांच्यात एक पातळ पडदा येतो, मग भांडं चालतं. शिशाच्या नळाचंही तसंच आहे. पाण्यात थोडं फॉस्फेट मिसळलं तर नळाच्या आतून एक पातळ पुट धरतं. पाणी वाहतं, पण शिशाला लागत नाही. डेट्रॉइटच्या पाण्यात हे औषध असायचं. फ्लिंट नदीचं पाणी मुळातच धातू जास्त खाणारं, त्यात क्षार जास्त, आणि तेच पाणी सुरू करताना हे औषध घातलंच नाही. वर्षानुवर्षं धरलेलं पुट सुटू लागलं, आणि शिसं लोकांच्या पेल्यात उतरू लागलं. नदी शिशानं घाण झालेली नव्हती, हे लक्षात ठेवा. पाणी शुद्धीकरण केंद्रातून निघतानाही त्यात शिसं नव्हतं. ते मिसळलं घराजवळच्या नळात. म्हणून टाकीवर पाणी तपासून काही सापडण्यासारखं नव्हतं.

पहिल्यांदा कुणाला कळलं? पाणी भरणाऱ्या, आंघोळ घालणाऱ्या बायांना. लेकरांच्या अंगावर चट्टे येऊ लागले, केस गळू लागले, नळाला तांबूस पाणी यायला लागलं. उन्हाळ्याच्या शेवटी पाण्यात जंतू सापडले, म्हणून उकळून प्या असं सांगण्यात आलं. ऑक्टोबर २०१४ मध्ये तिथल्या जनरल मोटर्स कंपनीच्या इंजिनाच्या कारखान्यानं हे पाणी घेणं बंद केलं, कारण त्यानं इंजिनाचे भाग गंजत होते. कारखान्याला दुसरं पाणी मिळालं. गावाला तेच राहिलं. पुढच्या जानेवारीत राज्य सरकारनं फ्लिंटमधल्या आपल्याच कार्यालयात प्यायच्या पाण्याचे जार ठेवले, आणि लोकांना मात्र पाणी चांगलं आहे असं सांगणं चालूच होतं. मार्च २०१५ मध्ये नगरसेवकांनी सात विरुद्ध एक मतानं ठराव केला, पुन्हा डेट्रॉइटचं पाणी घ्या. प्रशासकानं तो मानला नाही.

ली-अ‍ॅन वॉल्टर्स ही चार लेकरांची आई. तिच्या जुळ्यांपैकी एकाची वाढ थांबल्यासारखी झाली. तांबूस पाण्याच्या बाटल्या घेऊन ती सभेला गेली, पण तिचं म्हणणं कुणी मनावर घेतलं नाही. तिनं नगरपालिकेच्या मागं लागून घरचं पाणी तपासून घेतलं. फेब्रुवारी २०१५ मध्ये आकडा आला १०४.

हा आकडा कशाचा? एक अब्ज भाग पाण्यात शिशाचे किती भाग, याचा. आपल्या भारताच्या मानकात प्यायच्या पाण्यासाठी मर्यादा आहे १०. अब्ज वगैरे डोक्यात बसत नाही, म्हणून मी हिशेब करून पाहिला. हजार लिटरची टाकी डोळ्यासमोर आणा. त्यात तिळाच्या तीन-चार दाण्यांच्या वजनाएवढं शिसं विरघळलं, की झाले १०. एवढीच मुभा. वॉल्टर्सच्या घरी १०४, मग मार्चमध्ये ३९७. पुढं व्हर्जिनिया टेक विद्यापीठातले पाण्याचे तज्ज्ञ मार्क एडवर्ड्स यांनी तिच्या घरचे नमुने तपासले, तेव्हा त्यातल्या एकात १३,२०० आलं. म्हणजे त्या हिशेबानं हजार लिटरच्या टाकीत तोळाभराहून जास्त शिसं.

तरीही सरकारी अहवालात गाव सुरक्षितच होतं. हे कसं जमलं ते बायांनी जरूर ऐकावं. नमुना घेण्याच्या आदल्या रात्री नळ काही मिनिटं वाहू द्या, असं लोकांना सांगितलं जाई. नळात साचलेलं शिशाचं पाणी त्यामुळं आधीच वाहून जातं आणि सकाळचा नमुना सोज्वळ येतो. एवढ्यानं भागलं नाही. २०१५ च्या पहिल्या सहामाहीत ७१ घरांचे नमुने आले होते. त्यातले दोन वगळले आणि ६९ धरले. वगळलेले दोन्ही जास्त शिशाचे, त्यातला एक वॉल्टर्सच्या घरचा. दोन बाटल्या बाजूला ठेवल्या, आणि कायद्यानं हालचाल करायला लावणारी १५ ची रेघ ओलांडली गेली नाही. खोटा आकडा कुणी लिहिला नाही. कुठली बाटली मोजायची एवढंच ठरवलं.

म्हणून वॉल्टर्स आणि तिच्या सोबतच्या लोकांनी स्वतः बाटल्या वाटल्या. एडवर्ड्स यांच्या विद्यार्थ्यांनी ३०० संच पाठवले. गावकऱ्यांनी दारोदार फिरून, नमुना कसा भरायचा ते समजावून, अडीचशेहून अधिक परत आणले. गावाच्या सगळ्या भागांतून, प्रत्येकावर नाव, पत्ता, वेळ. तांबूस पाण्याची बाटली सभेत दाखवली तेव्हा कुणी ऐकलं नव्हतं, या बाटल्यांना मात्र उत्तर द्यावं लागलं.

दुसरी बाई डॉ. मोना हॅना-अतिशा. मूळच्या इराकी घरातल्या, तिथल्या सरकारी हर्ली रुग्णालयात बालरोगतज्ज्ञ. सुरुवातीला त्याही आयांना पाणी चांगलं आहे म्हणून सांगत. ऑगस्ट २०१५ मध्ये शाळेतली एक मैत्रीण घरी जेवायला आली होती, ती पाण्याची अभियंता. तिनं सांगितलं, नळाला ते औषध घालत नाहीत, तू मुलांच्या रक्ताचे रिपोर्ट बघ. डॉक्टरांनी रुग्णालयातले जुने-नवे रिपोर्ट काढून ताडून पाहिले. पाच वर्षांखालच्या ज्या मुलांच्या रक्तात शिसं जास्त, त्यांचं प्रमाण पाणी बदलल्यावर शेकडा २.४ वरून ४.९ झालं होतं, म्हणजे दुप्पट. ज्या भागांत पाणी सर्वात वाईट, तिथं ४ वरून १०.६. सप्टेंबर २०१५ मध्ये त्यांनी हे पत्रकारांसमोर मांडलं. सरकारी प्रवक्त्यांनी त्यांना खोटं पाडायचा प्रयत्न केला, आणि आठवड्याभरात आकडे मान्य केले. १६ ऑक्टोबरला गावाला पुन्हा जुनं पाणी मिळालं. जानेवारी २०१६ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांनी तिथं आणीबाणी जाहीर केली.

लहान लेकरांचीच एवढी काळजी का? आपलं शरीर शिशाला कॅल्शियम समजून फसतं. मोठ्या माणसाच्या मानानं लहान मूल चार-पाच पट शिसं शोषून घेतं, आणि मेंदूची घडण त्याच वयात चाललेली असते. ताप येत नाही, उलटी होत नाही. पुढं शाळेत ते पोर एका जागी बसत नाही, शिकवलेलं लक्षात ठेवत नाही, चटकन चिडतं, आणि आपण म्हणतो डोक्यानं मंद आहे. गेलेलं परत आणणारं औषध नाही. शिसं हाडांत जाऊन बसतं, आणि पुढं दिवस गेले की आईच्या हाडांतून निघून पोटातल्या बाळापर्यंत पोचतं. आणखी एक, जी बाई किंवा जे लेकरू अशक्त, अंगात रक्त कमी, त्याचं शरीर शिसं जास्त ओढून घेतं. लोह आणि शिसं एकाच वाटेनं आत शिरतात, लोहाची जागा रिकामी असली की शिसं घुसतं. आपल्या गावांत रक्त कमी असलेल्या बायका किती, हे अंगणवाडीताईंना विचारा. त्या लोहाच्या गोळ्या कोनाड्यात पडून असतात, त्याला हेही एक उत्तर आहे.

फ्लिंटचं पुढं काय झालं? त्याच काळात तिथं पाण्यातून पसरणाऱ्या न्यूमोनियाची साथ आली, तिच्यात १२ माणसं गेली. नुकसानभरपाई ठरली ६२ कोटी ६० लाख डॉलर, बहुतेक हिस्सा तेव्हाच्या मुलांसाठी, पण वाटप वर्षानुवर्षं रेंगाळलं. राज्यपालांपासून अधिकाऱ्यांपर्यंत खटले भरले, ते तांत्रिक कारणानं पडले, तुरुंगात कुणी गेलं नाही. रस्ते खोदून सुमारे ११ हजार शिशाचे नळ बदलायचं काम २०२५ पर्यंत चाललं. पैसे वाचवायला पाणी बदललं होतं, त्याच्या कितीतरी पट पैसे गेले. आणि नळाचं पाणी तपासणीत चांगलं येऊ लागलं तरी लोक ते पिईनात. विकतच्या बाटल्या आणत राहिले. हे नुकसान कुठल्या हिशेबात धरत नाहीत, पण गरिबाघरी दर महिन्याला ते भरावं लागतं. आपल्याकडं दारात जारची गाडी येते, तिचे पैसे आपण का मोजतो याचा जरा विचार करा.

आता आपल्याकडं वळू. मी कुणाला घाबरवायला बसले नाही. आपल्या गावांत शिशाचे जुने नळ नाहीत, आणि बीड जिल्ह्याच्या भूजलात नेहमी सापडणारे दोष दुसरे आहेत, फ्लोराइड आणि नायट्रेट. पण शिसं आपल्या घरात दुसऱ्या वाटांनी येतं. पहिली वाट पीव्हीसी पाइप. हा पाइप तयार करताना उष्णतेनं करपू नये म्हणून त्यात शिशाचे क्षार घालत. त्यावर बंधन घालणारा नियम केंद्र सरकारनं २०२१ मध्ये काढला, पण आधीचे पाइप जमिनीत तसेच आहेत. नवा पाइप घेताना सिरसाळ्याच्या दुकानात स्वस्तातला मागू नका. प्यायच्या पाण्याच्या पीव्हीसी पाइपवर आयएस ४९८५ असा शिक्का हवा, आणि दुकानदाराला शिसंविरहित आहे का हे स्पष्ट विचारा. पितळी तोट्यांतही थोडं शिसं असतं. पश्चिम आफ्रिकेतल्या खेड्यांत हातपंपांच्या आणि नळांच्या पितळी भागांमुळं पाण्यात शिसं सापडलं आहे, तिथंही शिशाचे नळ नव्हतेच.

दुसरी वाट कल्हई. कथील महाग, म्हणून काही जण त्यात शिसं मिसळतात. पितळी भांड्यांची हौस पुन्हा आलीय, पण कल्हईवाला ओळखीचा असेल तरच भांडं द्या. आंबट तर शंकेच्या भांड्यात मुळीच नको. तिसरी वाट तर आपण हातानं करतो. ऊसतोडीला गेल्यावर कोपीवर पाणी साठवायला जे मिळेल ते घेतो, रंगाचा रिकामा डबा, बॅटरीच्या दुकानातला कॅन, कसलं तरी बॅरल. कितीही घासलं तरी तो पाण्याचा होत नाही. तीन दगड आणि लाकडाची चूल चालेल, पण पाण्याचा कॅन घरून न्या. शेंदराचा हात लेकराच्या तोंडाला लागू देऊ नका, आणि लेकरांच्या डोळ्यात सुरमा-काजळ घालणं तर सोडाच, त्यातही शिसं निघतं. युनिसेफच्या २०२० च्या अहवालानुसार जगातल्या दर तीन मुलांत एकाच्या रक्तात काळजी करण्याइतकं शिसं आहे. ते पाण्यातूनच आलेलं असतं असं नाही, या असल्या सगळ्या वाटांनी थोडं थोडं येतं.

एक गैरसमज मात्र आजच मोडायला हवा. पाणी उकळलं की झालं, असं आपण धरून चालतो. जंतूंसाठी ते खरं आहे. २०२५ च्या जानेवारीत पुण्यात सिंहगड रस्त्याच्या बाजूला जीबीएसची साथ आली, तेव्हा पाणी उकळून प्या हा सल्ला बरोबरच होता. पण शिसं उकळून जात नाही. पाण्याची वाफ होते आणि शिसं खाली राहतं, म्हणजे उलट थोडं घट्ट होतं. तुरटी, फडकं, टीसीएल पावडर यांनीही ते जात नाही. आरओ यंत्रानं जातं. पैसे न लागणारा उपाय एवढाच की नळाला पाणी आलं की पहिली बादली भांड्याला, झाडाला किंवा जनावरांच्या गोठ्यात धुवायला वापरा, प्यायचं पाणी त्यानंतरचं भरा. आणि गरम पाण्याच्या नळाचं पाणी स्वयंपाकाला घेऊ नका.

तपासणीचं सांगते. ग्रामपंचायतीला मिळणारं हिरवं, पिवळं, लाल कार्ड तुम्ही पाहिलं असेल. ते पाण्याच्या जागेभोवतीची स्वच्छता आणि जंतूंचा धोका सांगतं. शिशाशी त्याचा संबंध नाही. जल जीवन मिशनमध्ये प्रत्येक गावात पाच बायांना तपासणी संच वापरायला शिकवलंय. त्या संचात फ्लोराइड, नायट्रेट, लोह, क्लोरीन, पाण्याचा कठीणपणा कळतो, शिसं कळत नाही. त्याला प्रयोगशाळाच लागते. जलसुरक्षकाकडून नमुना जिल्ह्याच्या प्रयोगशाळेत पाठवता येतो, स्वतःही शुल्क भरून देता येतो. अर्जात ‘शिसे’ हा शब्द लिहा, नाहीतर नेहमीच्याच गोष्टी तपासून कागद परत येतो. बाटली प्रयोगशाळेकडून आणा. पाणी टाकीवरचं नको, घरातल्या नळाचं हवं. रात्रभर बंद राहिलेल्या नळाचं पहिलं पाणी न सांडता एका बाटलीत धरा, आणि पाच मिनिटं वाहिल्यावरचं दुसऱ्या बाटलीत. दोन्हींवर घर, तारीख, वेळ लिहा. पहिलीत जास्त आणि दुसरीत कमी आलं तर दोष तुमच्या तोटीत किंवा घरच्या पाइपात. दोन्हीत सारखं आलं तर मागं गावच्या लाइनीत शोधावं लागेल. बचत गटानं गावाच्या वेगवेगळ्या वाड्या-वस्त्यांमधून सात-आठ घरं निवडली तर खर्च विभागला जातो.

ग्राम पाणीपुरवठा व स्वच्छता समितीत निम्म्या बाया असायला हव्यात. तुमच्या गावात त्या कोण आहेत ते विचारा, बऱ्याचदा त्यांनाच माहीत नसतं. ग्रामसभेआधी महिला सभा घ्यावी लागते, तिथं तपासणीचा कागद वाचून दाखवा आणि इतिवृत्तात लिहून घ्या. जुने अहवाल मागायचे तर माहितीच्या अधिकारात दहा रुपयांचं तिकीट लावून अर्ज करता येतो, तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं. मागताना एवढंच मागू नका की पाणी चांगलं आहे का. किती नमुने घेतले, कुठल्या घरांतून घेतले, आणि त्यातले किती मोजले नाहीत, हे विचारा. अर्जाची पोच घ्या.